अंबाडीचा डार्टबोर्ड

परवा दुपारी टीव्हीवर इंग्लंडातल्या डार्ट खेळाडूंचे सामने लागले होते. माणसं चांगली खाऊनपिऊन सुखी, पोटं पुढे आलेली, शर्टाच्या पाठीवर ठळक अक्षरांत नाव, आणि एकेकाने तीन बाण मारले की हजारो लोक उठून नाचतात. हीच त्यांची नोकरी, हाच त्यांचा धंदा. अमका आधी गवंडी होता, तमका फरशा बसवायचा आणि आता बघा त्यांचा थाट, असं निवेदक सांगत होता. मी चष्मा पुसून नीट बघितलं आणि मनात म्हटलं, आमचा गोवर्धन साठ वर्षं लवकर जन्माला आला, आणि तोही अकोल्यात. दोन चुका एकदम केल्यावर माणूस काय करणार?

गोवर्धन माझा धाकटा भाऊ. आई-वडील राहिले नव्हते, म्हणून तो आमच्याकडेच सरकारी क्वार्टरच्या दोन खोल्यांत राहायचा. आमच्याकडे म्हणजे मी आणि माझे यजमान. यांचं नाव देवमन. त्या काळी मी ते तोंडाने घेत नसे. आता घेते, कारण घेतलं म्हणून बघायला ते राहिले नाहीत. हे सरकारी कचेरीत कारकून होते आणि अंगातला कारकून संध्याकाळी खुंटीला टांगून ठेवणाऱ्यांपैकी नव्हते.

१९५९ साली गोवर्धन चोवीस वर्षांचा होता आणि एका कापसाच्या प्रेसमध्ये टायपिस्ट होता. नोकरी कायम झालेली. त्या उन्हाळ्यात प्रेसचा इंग्रज मॅनेजर, पार्किन साहेब, मायदेशी निघाला आणि जाताना त्याने बंगल्यातलं सामान माणसांना वाटून टाकलं. हेडक्लार्कला आरामखुर्ची मिळाली. स्टोअरकीपरला टेबलफॅन. चौकीदारालासुद्धा लाकडी मुठीची छत्री. आमचा भाऊ सायकलच्या कॅरियरला एक गोल फळी बांधून घरी आला. वर तीन लोखंडी बाण आणि इंग्रजी मासिकांचा गठ्ठा.

"अरे, खुर्ची तरी मागायची," मी म्हटलं.

"बाई, खुर्चीवर कोनीबी बसते."

मी गठ्ठा सोडायला घेतला.

त्या गठ्ठ्यातल्या एका मासिकात चार पानं भरून वॉल्टर बिडल नावाच्या डार्ट खेळाडूची हकिकत होती. गोवर्धनने ती इतक्या वेळा वाचली की पानं हातात सुटी झाली. या बिडलचा बाप कोळशाच्या खाणीत होता, बिडलही खाणीत गेला. गावच्या दारूच्या गुत्त्यात अशीच एक फळी होती. पोरगा खोक्यावर उभा राहून बाण मारायला शिकला. मग जिल्ह्यात जिंकला, मग लंडनच्या मोठ्या स्पर्धेत हजारो लोकांपुढे जिंकला, आणि शेवटी त्याने खाण सोडली. एका बिअरच्या कंपनीने त्याला पगारावर ठेवला. काम काय, तर गावोगाव जायचं आणि येईल त्याच्याशी खेळायचं. त्याला हरवील त्याला एक बाटली बक्षीस. बिडलने म्हणे वर्षावर्षात चार बाटल्यासुद्धा गमावल्या नाहीत. सोबत फोटो होता: डोक्यावर टोपी, एक डोळा मिटलेला, मागे स्वतःची मोटार.

"भाऊजी, हा मानूस बाण मारून पोट भरते," गोवर्धन म्हणाला.

यांनी फोटो लांब धरून बघितला. "अन् पाऊस आला तं?"

"घरात खेळतात, भाऊजी. छताखाली."

"मंग ठीक हाय," हे म्हणाले आणि जेवायला बसले. यांच्या दृष्टीने प्रश्न मिटला होता.

माझ्या दृष्टीने तो सुरू झाला होता. पहिली अडचण खिळ्याची. फळी टांगायची तर भिंतीत खिळा हवा, आणि भिंत सरकारची. दुसरा कुणी दुपारी हळूच ठोकून मोकळा झाला असता. यांनी अर्ज केला. पंधरा दिवसांनी अर्ज परत आला: खिळ्याची लांबी, टांगावयाच्या वस्तूचे वजन व खिळा किती काळ ठेवणार, याचा खुलासा करावा. मी चिडले, पण हे म्हणाले, "बराबर हाय त्यायचं. मीबी हेच इचारलं असतं." यांनी खुलासा केला: तीन इंच, पाच शेर, कायम. पुन्हा अर्ज परत. कायम खिळा मंजूर करण्याचा अधिकार या कचेरीस नाही, वरच्या कचेरीस लिहावे. शेवटी बरीच ये-जा होऊन सहा महिन्यांसाठी हंगामी खिळा मंजूर झाला. हंगामी माणसं मी खूप पाहिली होती. खिळा पहिलाच.

तोवर फळी माझ्या स्वयंपाकघरात ज्वारीच्या कोठीला टेकून उभी होती आणि येणारा-जाणारा तिच्यावर मत देत होता. शेजारचे शेषराव रिटायर तलाठी. आयुष्यभर दुसऱ्यांच्या शेताच्या हद्दी मोजलेल्या, त्यामुळे फळीवरचे आकडे बघून ते अस्वस्थ झाले. डार्टच्या फळीवर वीसच्या एका बाजूला एक आणि दुसऱ्या बाजूला पाच असतो, नेम चुकला की शिक्षा व्हावी म्हणून. गोवर्धनने हे तीनदा समजावलं.

"ते राहू दे," शेषराव म्हणाले. "दीडशे वर्ष राज्य केलं आपल्यावर, अन् यायले वीसपर्यंत सरळ मोजता येत नाई?"

आता मुख्य घोटाळा. बिडलच्या हकिकतीत लिहिलं होतं की त्याचा बाप रोज रात्री गुत्त्याची फळी मागच्या हौदात भिजत घाली, म्हणजे बाणांची भोकं बुजतात आणि सकाळी फळी पुन्हा नवीन. गोवर्धनने हे वाचलं आणि माझं तांब्याचं घंगाळ ताब्यात घेतलं. दिवस मे महिन्याचे, गाव अकोला, नळ एक दिवसाआड. मी हंडा-कळशी करून जे पाणी साठवलं होतं, त्यात फळी बुडाली.

पलीकडच्या चतुराबाई कुंपणावरून बघत होत्या. "मायबाई! लोकायले प्याले पानी नाई, अन् तुमी फळीले आंघोळ घालून राहिले?"

"विलायतेत अशीच घालतात," मी म्हटलं. भावाची बाजू कुणीतरी घ्यायलाच हवी होती.

"विलायतेत नदी घराजौळ असन."

बिडलच्या बापाची फळी लाकडाची होती. लाकूड भिजलं की भोकं बुजतात, हे खरं. आमची फळी लाकडाची नव्हती, दोऱ्यासारखे तंतू उभे दाबून, वर तार आवळून केलेली होती. मी रोज झाडताना तिला हात लावत होते, हे तिला टेकून पेपर वाचत होते, शेषराव तिच्यावर टिचक्या मारून बोलत होते. एकाच्याही डोक्यात हा फरक आला नाही. सकाळी बघतो तर फळी पुरीसारखी टम्म फुगून घंगाळात घट्ट बसलेली. ओढून काढली तेव्हा तार तुटली. गोवर्धनने ती अंगणात वाळत घातली. अकोल्याच्या मेमधलं ऊन म्हणजे काय हे पार्किन साहेब वीस वर्षं बंगल्यात पडदे ओले करून बसले होते त्यांना विचारा. दुपारी तीनपर्यंत फळी मधोमध अशी उकलली की तिच्यातून हात आरपार जावा.

गोवर्धन दोन दिवस जेवला नाही. तिसऱ्या दिवशी माझे मामा, डोमाजी, बार्शीटाकळीहून बाजाराला आले. मामांना एवढंच सांगितलं की पोराची वस्तू मोडली. त्यांनी तंतूंचा एक झुबका तोडला, वास घेतला, दातांनी ओढून बघितला आणि थुंकले.

"हे त केकताड हाय, घायपात. कुंपणावर उगवते. याच्यात काय जीव हाय? मी तुले अंबाडीचं करून देतो."

मामांच्या शेतात दरवर्षी अंबाडीच्या चार ओळी असायच्या. पाला भाजीला आणि सोपट, म्हणजे दांडे, भिजवून वाख काढायला. त्यांनी वळलेले दोर बैलाला ओढून तुटत नसत. महिन्याभराने ते बैलगाडी घेऊनच आले. डार्टबोर्ड गाडीत निजवलेला होता. पांढऱ्या अंबाडीचे तंतू उभे ठासून भरलेले, वरून विळ्याने गुळगुळीत कापलेले, आणि ते सगळं धरून ठेवायला गावच्या सुताराने एका छोट्या गाडीच्या चाकाची लोखंडी धाव तापवून त्याच्याभोवती बसवलेली. उचलायला दोन माणसं. आकडे गावच्या पेंटरने काढले होते, मराठीत, एकापासून वीसपर्यंत ओळीने.

शेषराव म्हणाले, "आता हे बराबर झालं."

गोवर्धनच्या डोळ्यांत पाणी आलं. मामांना वाटलं आनंदाने. काही अंशी तसं होतंही.

बोर्ड त्या हंगामी खिळ्यावर टांगला. मंजुरी पाच शेराची होती. हा पाऊण मण भरला असता. सव्वा तास टिकला. मग खिळा, खिळ्याभोवतीची सरकारी भिंत आणि बोर्ड असे तिघे खाली आले. वाटेत माझा पाण्याचा रांजण होता आणि शेवटी यांच्या उजव्या पायाचा अंगठा. अंगठ्याला हळद लावायच्या आधी यांनी कागद मागितला आणि मथळा लिहिला: "हंगामी खिळा मुदतीपूर्वी निघाल्याबाबत."

त्यानंतर बोर्ड अंगणातल्या निंबाला दोराने बांधला. गोवर्धन रोज प्रेसमधून आला की कपडे न बदलता सुरू व्हायचा. ठप, ठप, ठप. मग जाऊन बाण काढायचे. पुन्हा ठप, ठप, ठप. दिवाळीपर्यंत त्याचा हात खरोखर बसला. मी खिडकीआडून मोजायची. दहातले सहा बाण मधल्या काळ्या ठिपक्यात. पण खिडकीआडूनच हं. कुणी समोर उभं राहिलं की त्याचा हात थरथरायचा. माणूस सोडा, चतुराबाईंची कोंबडी जरी मान वाकडी करून बघायला लागली, तरी बाण निंबाच्या पाल्यात.

आणि मग एक दिवस धुवायला टाकलेल्या त्याच्या शर्टाच्या खिशात मला एक घडी केलेला कागद सापडला. प्रेसच्याच मशीनवर, प्रेसच्याच कागदावर सुबक टाइप केलेला राजीनामा. सही केलेली होती. तारीख तेवढी कोरी.

कायम नोकरी हो! आमच्या आजोबांनी, वडिलांनी दुसऱ्यांच्या शेतात जन्म काढला. खुर्चीवर बसून पगार घेणारा आमच्या माहेरातला हा पहिला. मी कागद होता तसा खिशात ठेवून शर्ट न धुताच खुंटीला टांगला आणि ठरवलं, याचं लग्न करायचं. तारीख पडायच्या आत.

आमच्यात पूर्वी सोयरीक जुळली नाही तर दोष ग्रहांवर ढकलता यायचा. छप्पन्न साली आम्ही नागपूरला जाऊन दीक्षा घेतली, पत्रिका-मुहूर्त सगळं सोडलं, आणि फार बरं केलं. पण त्यामुळे मुलीच्या बापाला विचारायला एकच प्रश्न उरला: पोरगा काय करते?

हा प्रश्न आम्हाला अमरावतीत बुधाजी हवालदारांनी विचारला. ते पलटणीतून रिटायर झालेले. मिशा अजून ड्यूटीवर. त्यांची मुलगी बेबी दोन वर्षांपासून प्राथमिक शाळेत शिकवत होती. मुलगी सावळी, तरतरीत, बघणाऱ्याकडे सरळ बघणारी. मला पहिल्या मिनिटालाच आवडली. गोवर्धनला किती आवडली ते त्याच्या हातातल्या कपबशीच्या आवाजावरून कळत होतं.

"काय करता?" हवालदारांनी विचारलं.

"प्रेसमधी टायपिस्ट हाय," मी घाईने म्हटलं. "कायम."

"सध्या," गोवर्धन म्हणाला. "पन सोडनार हाय."

"अन् मंग?"

"डार्ट खेळनार."

आणि त्याने बिडलची हकिकत सुरू केली. खाण, गुत्ता, खोकं, लंडन, मोटार. अर्धा तास. मी जमिनीकडे बघत होते. हे आपल्या अंगठ्याकडे बघत होते. खोटं का बोलला नाहीस, असं मी परतीच्या गाडीत त्याला विचारलं, तर म्हणाला, "बाई, तिच्यासमोर कसं बोलू?" म्हणजे आवडली होती तर, आणि तरीही! अशा माणसाला काय म्हणावं?

नकाराचं पत्र येणार म्हणून मी आठवडाभर पोस्टमन दिसला की आत जायची. पत्र आलं. एकच ओळ होती: "येत्या रविवारी मुलाने आपले साहित्य घेऊन यावे."

साहित्य म्हणजे पाऊण मणाचा बोर्ड. अकोला स्टेशनवर लगेजच्या बाबूने त्याच्याभोवती दोन फेऱ्या मारल्या. "हे काय हाय?"

"खेळाचं सामान," गोवर्धन म्हणाला.

"खेळाच्या सामानाले धाव नसते. हे चाक हाय."

"चाकाले आरे नाईत, बाबूसाहेब. पाहा ना."

"मंग मोडकं चाक लिहितो."

"मोडकं कसं? नवीन हाय!" यांच्यातला कारकून आता जागा झाला. पुढची पंधरा मिनिटं दोन कारकून एकमेकांना मोठ्या आदराने नियम सांगत होते, गाडी शिट्टी देत होती, आणि शेवटी पावतीवर "गोल वस्तू, एक" असं पडलं. दोघांचंही समाधान झालं. बडनेऱ्याला गाडी बदलताना ती गोल वस्तू फलाटावर गोलपणाने पळाली. एका बाईच्या संत्र्यांच्या टोपल्यांपाशी गोवर्धनने तिला मिठी मारून थांबवली म्हणून बरं.

अमरावतीत हवालदारांनी अंगणात सगळी तयारी करून ठेवली होती. विटांचा ओटा रचला होता. बोर्ड त्यावर भिंतीला टेकवून उभा केला. मग त्यांनी भिंतीपासून मोजून पावलं टाकली, जमिनीवर चुन्याची रेघ ओढली आणि बोर्डाच्या मध्याला हात लावून उंची बघितली. "आणखी एक वीट," म्हणाले. सगळं इतकं नेमकं की गोवर्धन बघतच राहिला.

"आयका," हवालदार म्हणाले. "तीन बाण. तीनातला एक जरी मधात लागला, तं मी समजीन का पोट्ट्याच्या हातात कला हाय. मंग नोकरी सोडा, काहीबी करा, पोरगी देली. नाई लागला, तं चहा घ्या अन् गाडी पकडा."

माझी अवस्था काय सांगू? बाण लागला तर भावजय मिळते आणि नोकरी जाते. चुकला तर नोकरी राहते आणि भावजय जाते. एवढ्या मोठ्या प्रसंगी माणसाने मनातल्या मनात काहीतरी मागावं, तर काय मागायचं तेच मला ठरवता येईना. मी यांच्याकडे बघितलं. हे म्हणाले, "इंदू, दोन्ही बाजूचे मुद्दे सारखेच हायेत."

गोवर्धन रेघेवर उभा राहिला. अंगणात आम्ही, दारात बेबीची आई जाईबाई, कुंपणापलीकडे अर्धी गल्ली. हात असा थरथरत होता की बाणाची पिसं दिसेनात. पहिला बाण त्यांच्याही अंगणात निंब होता, त्याच्या फांदीत गेला आणि तिथेच राहिला. दुसरा धावेवर ठण्णकन आपटून मागे आला आणि यांच्या पायापाशी पडला. यांनी अंगठा अनुभवाने वेळेत उचलला.

"एक राहिला," हवालदार म्हणाले.

तेवढ्यात बेबी पाण्याचा तांब्या घेऊन बाहेर आली. तांब्या ठेवला, पण आत गेली नाही.

"एक इचारू का? त्या बिडलची बायको काय करे?"

गोवर्धनला ती हकिकत स्वल्पविरामांसकट पाठ होती. त्याने तोंड उघडलं, मिटलं, आणि मान खाली घातली.

"तिचं नाव एलसी. ते... धुलाईखान्यात होती. दुसऱ्यायचे कपडे धुवे, इस्त्री करे."

"किती दिवस?"

"अकरा वर्ष."

"अन् तो?"

"तो सराव करे."

"अकरा वर्ष?"

"अकरा."

"मायबाई!" दारातून जाईबाई म्हणाल्या. मी त्या चार पानांची गोष्ट शंभरदा ऐकली होती. खाण ऐकली, मोटार ऐकली. ही एलसी मला कुणी कधी सांगितलीच नव्हती.

"लिहिलं होतं ना ते?" बेबीने विचारलं.

"होतं. एका ओळीत होतं. मी वाचलं, पन थांबलो नाई तेथी."

"माही शाळा सकाळी सातले भरते," बेबी म्हणाली. आवाज वर्गातलाच, चढलेला नाही आणि पडलेलाही नाही. "दुपारी घरी आल्यावर मी कोनाची वाट पाहू, तुमची का बिअरवाल्यायच्या पगाराची? मले खेळाचं वावडं नाई. पन हे आधी माहीत पाहिजे. मारा आता."

गोवर्धनने बाण उचलला, डोळ्यासमोर धरला. आणि मला दिसलं की हात थरथरत नाही. सगळी गल्ली बघत असताना तो हात दगडासारखा स्थिर होता. सहा महिने मी खिडकीआडून तो हात पाहिला होता; माझी खात्री झाली, हा लागणार. मी डोळे मिटले. आवाज काही आला नाही. डोळे उघडले तर त्याने बाण खाली घेतला होता.

"नाई मारत."

"काहून?" हवालदार गरजले. "भेला?"

"व्हय," गोवर्धन म्हणाला. "लागला तं नोकरी सोडा लागन."

पहिल्यांदा हे हसले. माझा नवरा वर्षातून दोनदा हसायचा, त्यातलं हे एक. मग जाईबाई, मग कुंपण. गोवर्धनने खिशातून तो कागद काढला आणि काय करावं ते न कळून बेबीपुढे धरला. मास्तरीणच ती, आधी सगळा वाचला. मग घडी घालून स्वतःच्या मुठीत ठेवला.

"माह्यापाशी राहू द्या. तारीख टाकायची असली, तं मी टाकीन."

सोयरीक अशी ठरली. सुपारी फोडायची राहिली होती आणि गूळ वाटून झाला होता. आम्ही ओसरीवर चहा घेत होतो, तेव्हा लक्षात आलं की हवालदार आमच्यात नाहीत. ते अंगणात चुन्याच्या रेघेपाशी उभे होते. हातात न मारलेला तिसरा बाण. तो बोटांत फिरवत होते.

"हा एक राहिला ना," ते म्हणाले. मघाच्या हवालदाराचा आवाज नव्हता तो.

"लढाईच्या टायमाले मी साह्यबायच्या मेसमधी होतो. चार वर्ष. ते खेळत. फळीतले बाण उपसायचे, तबकात ठेवायचे अन् त्यायच्या हातात द्यायचे, हे माहं काम. हजारो येळा उपसले." त्यांनी बाणाचं टोक बोटाने चाचपलं. "मारला एकबी नाई. कोनी म्हटलं नाई, आपन इचारलं नाई."

आता कळलं, ती पावलं, ती उंची, ती एक वीट कुठून आली. आणि साहित्य घेऊन यावे, हे कुणासाठी लिहिलं होतं.

"मंग मारा ना वो," जाईबाई दारातून म्हणाल्या. "आता कोन नाई म्हनते तुमाले?"

हवालदारांनी अटेन्शनमध्ये पाय जुळवले, मग सैल सोडले, एक डोळा मिटला आणि मारला. ठप.

"तीन," यांनी गंभीरपणे जाहीर केलं.

"तीन?"

"तीन. कड्याच्या आत."

हवालदार भरभर बोर्डाकडे गेले, बाण उपसला, आणि तसेच तो हातात घेऊन रेघेवर परत आले. तबकाची जागा मोकळीच. पुन्हा मारला. सात. गोवर्धनने निंबावर चढून पहिला बाण काढून दिला, दुसरा यांनी दिला. तीन बाण झाल्यावर मग काय. गोवर्धन बाजूला उभा राहून कोपर कसं धरायचं ते सांगत होता, हवालदार "हं, हं" करत अजिबात ऐकत नव्हते, आणि बेबी ओसरीवरून आकडे मोठ्याने ओरडत होती. आमची पाचची गाडी गेली. सहाची पकडायला निघालो तेव्हा बोर्डाचं नाव कुणी काढलं नाही. गोवर्धननेच मला डोळ्यांनी खुणावलं, राहू दे.

वऱ्हाडात सोयरीक जुळली की मुलाकडचे मुलीकडून काहीतरी घेऊन परत येतात, अशी लोकांची समजूत असते. आम्ही मुलाचं एकुलतं एक वैभव मुलीच्या बापाच्या अंगणात ठेवून रिकाम्या हातांनी स्टेशनकडे चाललो होतो, आणि इतकं हलकं मला कधी वाटलं नव्हतं. गल्लीच्या वळणापर्यंत मागून आवाज येत होता. ठण्ण. मग ठप. मग जाईबाईंची हाक, "अवो, दिवा लावाची येळ झाली, चला ना घरात!"

आणि हवालदारांचं उत्तर, "थांब ना वं, आता कुठी जमून राहिलं!"